मनाला झालेली इजा आणि नुकसानभरपाई: खानदेशातून वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मी धुळ्यात वकिली करते. अपघाताची फाइल घेऊन आलेला माणूस पायातल्या प्लेटचं बिल आधी टेबलावर ठेवतो. रात्री झोप लागत नाही, ट्रकचा हॉर्न ऐकला की घाम फुटतो, हे तो निघताना दारात उभं राहून सांगतो. दारातली ती गोष्ट दाव्यात यावी म्हणून हे पान लिहिलं आहे. साक्री, शिरपूर, चोपडा, शहादा, भुसावळ इथून पुन्हा पुन्हा येणारे प्रश्न त्यात घेतले आहेत.

1. मनाच्या त्रासाचे पैसे कायद्याने खरंच मिळतात का?

हो, मिळतात. त्यासाठी एकच असा कायदा नाही, म्हणून लोकांना तो सापडत नाही. मोटार अपघातात ‘वेदना, यातना आणि मानसिक आघात’ हा भरपाईचा वेगळा मुद्दा आहे. सर्वोच्च न्यायालयाने राजकुमार विरुद्ध अजय कुमार या 2010 च्या निकालात तो स्पष्ट मांडला आहे. कौटुंबिक हिंसाचार कायदा 2005, कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाविरुद्धचा 2013 चा कायदा आणि ग्राहक संरक्षण कायदा 2019 या तिन्हींत मानसिक त्रासाचा थेट उल्लेख आहे. भारतीय न्याय संहितेत ‘क्षती’ची व्याख्या आहे, तिच्यात शरीराबरोबर मन, अब्रू आणि मालमत्ताही येते.

2. डॉक्टरांनी आजाराचं नाव दिलेलं नाही, नुसता मनस्ताप झाला. तेवढ्यावर दावा होतो का?

दावा कुठे करता यावर ते ठरतं. ग्राहक आयोगात किंवा कौटुंबिक हिंसाचाराच्या अर्जात आजाराचं निदान सक्तीचं नाही. वागणूक आणि तिचा परिणाम दाखवला तरी चालतं.

दिवाणी न्यायालयात हलगर्जीपणाचा दावा लावला तर गणित बदलतं. आपला हा कायदा इंग्लंडमधल्या निकालांवर उभा राहिला आहे. तिथला नियम असा, की शोक, भीती, संताप या माणसाच्या स्वाभाविक भावना आहेत, त्यांची भरपाई नाही. वैद्यकशास्त्राने मान्य केलेला मानसिक आजार जडला पाहिजे. तीव्र नैराश्य किंवा आघातानंतरचा तणावविकार, ज्याला डॉक्टर पीटीएसडी म्हणतात, हे त्यात बसतात. पीटीएसडीचं निदान लक्षणं महिन्याहून जास्त टिकली तरच होतं. म्हणून अपघातानंतर आठवड्याने एकदा दाखवून थांबू नका, दुसऱ्या महिन्यातही दाखवा.

निव्वळ करार मोडला म्हणून मनस्तापाचे पैसे मात्र सहसा मिळत नाहीत. करार कायद्याच्या कलम 73 मध्ये व्यवहारातलं नुकसान मोजतात. करार सेवेचा असेल आणि तुम्ही ग्राहक असाल, तर ग्राहक आयोगाचा रस्ता मोकळा आहे.

3. मग नेमकं जायचं कुठे?

गाडीचा अपघात असेल तर मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात. ते जिल्हा न्यायालयातच बसतं. दवाखाना, बँक, विमा, बियाणं, बिल्डर यांच्याविरुद्ध जिल्हा ग्राहक आयोगात. घरातला छळ असेल तर न्यायदंडाधिकाऱ्यांकडे, रेल्वेची दुर्घटना असेल तर रेल्वे दावा न्यायाधिकरणात. पोलीस किंवा सरकारी यंत्रणेने मूलभूत हक्क तुडवला असेल तर उच्च न्यायालयात; धुळे, जळगाव, नंदुरबार हे तिन्ही जिल्हे छत्रपती संभाजीनगरच्या खंडपीठाखाली येतात. यांपैकी कुठेच न बसणाऱ्या प्रकरणासाठी दिवाणी दावा उरतो. त्यात मागणीच्या रकमेप्रमाणे कोर्ट फी भरावी लागते, म्हणून मी तो शेवटी सुचवते.

चुकीच्या ठिकाणी गेलेला अर्ज परत येतो आणि मधल्या काळात मुदत निघून जाते. मुदतीसाठी प्रश्न 6 पाहा.

4. पुरावा काय लागतो? मनातलं कसं दाखवणार?

या पानावरचं हे सर्वांत महत्त्वाचं उत्तर आहे, म्हणून ते लांब आहे.

आपल्याकडचा माणूस डॉक्टरला सांगतो, ‘मना जीव घाबरस, रातले झोप येत नही.’ डॉक्टर ऐकतात, झोपेची गोळी लिहितात आणि केसपेपरवर उमटतं फक्त गोळीचं नाव. तीन वर्षांनी विमा कंपनीचा वकील उलटतपासणीत विचारतो, ‘मानसिक त्रासाची नोंद कुठे आहे?’ तेव्हा उत्तर नसतं. माझ्या अशिलांच्या कित्येक खऱ्या तक्रारी तिथेच गळून पडल्या आहेत. म्हणून डॉक्टरांना विनंती करा: झोप नाही, दचकून उठतो, गाडीत बसायला घाबरतो, कामावर जात नाही, हे तारखेसह केसपेपरवर लिहा. कुठल्या घटनेनंतर सुरू झालं तेही लिहा.

त्यानंतर मानसोपचारतज्ज्ञांकडे जा. समुपदेशकाची मदत घ्यावीच, पण आजाराचं निदान आणि औषधं यांचा कागद मानसोपचारतज्ज्ञाचा लागतो. भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम 39 प्रमाणे तज्ज्ञाचं मत पुरावा म्हणून येतं. नुसतं प्रमाणपत्र जोडून भागेल असं समजू नका. शक्य तिथे त्या डॉक्टरांना साक्षीला बोलवावं लागतं.

मानसिक आजार 2016 च्या दिव्यांग हक्क कायद्यातही आहे. त्रास टिकून राहिला असेल तर दिव्यांगत्वाचं प्रमाणपत्र काढा. त्यातली टक्केवारी न्यायाधिकरण डोळे झाकून घेत नाही, त्या माणसाच्या कमाईवर काय परिणाम झाला ते पाहतं. महामार्गावर ट्रक चालवणारा स्टिअरिंगला हात लावू शकत नसेल, तर कागदावरची 30 टक्के त्याच्या धंद्यापुरती 100 टक्केही होऊ शकते.

कागदांशिवाय माणसंही साक्षीदार असतात. तो पूर्वी बाजाराला जायचा, आता ओट्यावरही बसत नाही, हे शेजारी सांगू शकतो. शाळेची हजेरी, मालकाचं पत्र, औषधांची बिलं, जळगावला किंवा नाशिकला दाखवायला गेल्याची एसटीची तिकिटं, सगळं एका पिशवीत ठेवा.

5. आम्ही आधी भगताकडे नेलं, दवाखान्यात चार महिन्यांनी गेलो. आता दावा संपला का?

नाही. उशीर का झाला ते शपथपत्रात खरं खरं सांगा. सातपुड्याच्या पाड्यांत मानसोपचारतज्ज्ञ जवळ नसतो, हे न्यायाधीशांनाही कळतं. मागची तारीख टाकून कागद तयार करून घेऊ नका. एक खोटा कागद सापडला की बाकीचे खरेही संशयात येतात.

6. किती दिवसांत अर्ज करायचा?

मोटार अपघातात सहा महिने. 2019 च्या दुरुस्तीने आलेली ही अट 1 एप्रिल 2022 पासून लागू झाली. तिला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलेलं आहे, पण त्या भरवशावर बसू नका. ग्राहक आयोगात दोन वर्षं, रेल्वे न्यायाधिकरणात एक वर्ष, कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाच्या तक्रारीला तीन महिने आणि तक्रार ऐकणाऱ्या समितीने कारण मानलं तर आणखी तीन. बदनामीच्या दिवाणी दाव्याला एकच वर्ष.

आजाराचं निदान उशिरा झालं म्हणून मुदत आपोआप पुढे सरकत नाही. अर्ज वेळेत दाखल करा, वैद्यकीय कागद मागून जोडता येतात.

7. अपघात सुरतेला झाला, आम्ही शिरपूर तालुक्यात राहतो. तिकडे खेटे घालायचे का?

गरज नाही. मोटार वाहन कायद्याच्या कलम 166 प्रमाणे अर्जदार जिथे राहतो तिथल्या न्यायाधिकरणातही दावा चालतो. उधना, लिंबायतमध्ये कामाला गेलेल्या खानदेशी कुटुंबांना हे कुणी सांगत नाही. मानसिक उपचार चालू असताना दर तारखेला सुरतेला जाणं हा वेगळाच छळ आहे. धुळ्यातच लावा. एफआयआर आणि पंचनाम्याची नक्कल तेवढी तिकडून आणावी लागेल.

8. किती रक्कम मिळते?

ठरलेलं कोष्टक नाही, आणि रक्कम आधीच सांगणाऱ्यापासून सावध राहा. दोन टोकं सांगते. काजल विरुद्ध जगदीश चंद या 2020 च्या निकालात बारा वर्षांच्या मुलीच्या मेंदूला इतकी इजा झाली होती, की तिची समज नऊ महिन्यांच्या बाळाएवढी उरली. सर्वोच्च न्यायालयाने वेदना, यातना आणि आयुष्यातले आनंद हिरावल्याबद्दल 15 लाख धरले. एकूण रक्कम 62 लाखांच्या पुढे गेली. दुसऱ्या टोकाला ग्राहक आयोगाचे निकाल आहेत. ‘मानसिक व शारीरिक त्रासापोटी’ या ओळीपुढे बहुतेक वेळा काही हजारांचाच आकडा असतो.

‘मानसिक त्रासाचे 10 लाख’ अशी एका ओळीची मागणी टिकत नाही. आजवरचा उपचारखर्च, पुढे लागणारा खर्च, बुडालेली कमाई आणि यातना असे तुकडे पाडून मागा. पुढच्या खर्चासाठी डॉक्टरांचं लेखी मत लागतंच.

9. नवरा अपघातात गेला. बायकोच्या आणि लेकरांच्या दुःखाचे वेगळे पैसे आहेत का?

आहेत, पण ठरावीक. प्रणय सेठी (2017) या निकालाने सहवास हरपल्याबद्दल 40,000 रुपये ठरवले आणि दर तीन वर्षांनी 10 टक्के वाढ सांगितली. 2020 आणि 2023 ची वाढ धरून ते 48,400 होतात. पत्नीप्रमाणे मुलांना आणि आईवडिलांनाही ते मिळतात, असं 2018 च्या नानू राम प्रकरणात ठरलं. ‘प्रेम आणि माया हरपली’ म्हणून त्यावर आणखी रक्कम मागता येत नाही. 2020 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती वाट बंद केली.

एवढ्या मोठ्या दुःखाला हा आकडा फार लहान आहे, असं मला प्रत्येक वेळी वाटतं. मोठी रक्कम गेलेल्याच्या कमाईवरून येते, म्हणून ती बाजू भक्कम करा.

10. मला खरचटलंसुद्धा नाही. पण माझ्या डोळ्यांदेखत माझा मुलगा गेला आणि तेव्हापासून मी माणसात नाही. माझा स्वतःचा दावा होतो का?

खरी अडचण इथे आहे. मुलाच्या मृत्यूचा दावा तुम्ही वारस म्हणून करालच (प्रश्न 9). प्रश्न तुमच्या स्वतःच्या आजाराचा आहे.

मोटार वाहन कायद्याचं कलम 165 मृत्यू किंवा ‘शारीरिक इजा’ झालेल्या अपघातांबद्दल बोलतं. विमा कंपनी हाच शब्द पकडते: यांना इजा कुठे झाली? आपला युक्तिवाद असा, की मेंदू शरीराचाच भाग आहे आणि धक्क्याने आलेला आजार ही इजाच आहे. तुम्ही त्याच गाडीवर मागे बसलेले असाल, तर हे मांडणं बरंच सोपं जातं, कारण धोका तुमच्याही जिवाला होता. रस्त्याच्या कडेला उभे असाल तर कठीण.

इंग्लंडमध्ये यावर शंभर वर्षांहून जास्त काळ खल चालला आहे. 1888 मध्ये प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे ब्रिटिश वसाहतींच्या लंडनमधल्या अपील न्यायालयाने, नुसत्या मानसिक धक्क्याची भरपाई नाकारली. 1901 मध्ये एका बाईच्या बाबतीत इंग्लंडमधल्याच दुसऱ्या न्यायालयाने ती मान्य केली; घोडागाडी दारूच्या दुकानात घुसली होती आणि तिला स्वतःच्या जिवाची भीती वाटली होती. 15 एप्रिल 1989 रोजी तिथल्या हिल्सबरो फुटबॉल मैदानावर चेंगराचेंगरी झाली. तिच्यातून आलेल्या अल्कॉक खटल्यात पाहणाऱ्यांसाठी अटी घातल्या गेल्या: गेलेल्याशी मायेचं घट्ट नातं हवं, प्रसंगी किंवा लगेच नंतर तिथे हजर असायला हवं, आणि प्रसंग स्वतःच्या डोळ्यांनी, कानांनी अनुभवलेला हवा. टीव्हीवर पाहिलेलं चालत नाही. हे निकाल आपल्या न्यायालयांवर बंधनकारक नाहीत, पण युक्तिवादात ते वापरले जातात.

माझा सल्ला: वारसाच्या दाव्यातच तुमच्या आजाराचा मुद्दा कागदांसह वेगळा मांडा. नाकारला गेला तरी तो नोंदीवर येतो आणि अपिलात उचलता येतो.

11. रेल्वेतल्या प्रसंगाचं काय?

22 जानेवारी 2025 ला पाचोरा तालुक्यात परधाडे स्थानकाजवळ पुष्पक एक्सप्रेसमध्ये आगीची अफवा उठली, लोकांनी उड्या मारल्या आणि शेजारच्या रुळावरून येणाऱ्या कर्नाटक एक्सप्रेसखाली सापडले. तेव्हापासून हा प्रश्न वाढला आहे. रेल्वे कायद्याच्या कलम 124 अ मध्ये रेल्वेची चूक सिद्ध करावी लागत नाही, मृत्यूला 8 लाख ठरलेले आहेत. मात्र ते कलम मृत किंवा जखमी प्रवाशासाठी आहे. जखम असेल तर यातनांचा मुद्दा तिच्याबरोबर मांडा. जखमच नसेल तर प्रश्न 10 मधली अडचण इथेही आहे.

12. दवाखान्याच्या चुकीने बाळ कायमचं अधू झालं. आईबापाच्या यातनांचे पैसे मिळतात का?

मिळतात. स्प्रिंग मेडोज विरुद्ध हरजोल अहलुवालिया (1998) यात चुकीच्या इंजेक्शनने मुलाच्या मेंदूला इजा झाली होती. मुलाला 12.5 लाख आणि आईवडिलांना त्यांच्या मनोयातनांबद्दल वेगळे 5 लाख मिळाले. पालकही ग्राहकच, असं न्यायालय म्हणालं. सगळ्यांना मोफत सेवा देणारं सरकारी रुग्णालय ग्राहक कायद्यात येत नाही. तिथे दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 80 ची दोन महिन्यांची नोटीस देऊन दिवाणी दावा लावावा लागतो, किंवा उच्च न्यायालयात जावं लागतं.

13. कापसाचं बियाणं बोगस निघालं. कर्जाच्या काळजीने वडील आजारी पडले. ते धरता येईल का?

शेतकरी हा ग्राहक आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने 2012 मध्येच सांगितलं आहे. उत्पादनाच्या दोषाबाबत 2019 चा ग्राहक कायदा म्हणतो, की मनोयातना या शारीरिक इजा, आजार किंवा मालमत्तेच्या नुकसानीला जोडून आलेल्या हव्यात. म्हणजे आधी पिकाचं नुकसान उभं करा: पिशवी, टॅग, लॉट नंबर, पावती आणि कृषी विभागाचा पाहणी अहवाल. केळीच्या रोपांचंही तसंच. पीक मोडून रान नांगरण्याआधी पाहणी करून घ्या, नांगर फिरला की पुरावा गेला.

14. वसुलीवाले दारात येऊन बायका-मुलांसमोर शिवीगाळ करतात.

बँकेकडे लेखी तक्रार करा. 30 दिवसांत समाधान झालं नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जा. 2021 च्या योजनेत छळ आणि मनस्तापासाठी 1 लाखापर्यंत भरपाईची तरतूद होती. फोन रेकॉर्ड करून ठेवा. धमकी असेल तर पोलिसांत तक्रार वेगळी.

15. नवरा मारत नाही, पण टोमणे, संशय, उपाशी ठेवणं चालूच असतं. याला हिंसाचार म्हणतात का?

म्हणतात. 2005 च्या कायद्यात शाब्दिक आणि भावनिक छळही हिंसाचार आहे. कलम 22 मध्ये मानसिक छळ आणि भावनिक क्लेश यांसाठी भरपाई मागता येते, पोटगी आणि राहण्याच्या हक्काशिवाय वेगळी. माहेरी तात्पुरती आलेली बाई माहेरच्या तालुक्यातच अर्ज करू शकते. आजवर माझ्याकडे आलेल्या बहुतेक अर्जांत कलम 22 ची मागणीच नव्हती. ताई, अर्जावर सही करण्यापूर्वी ती ओळ आहे का ते पाहा.

16. जिनिंगमध्ये मुकादम त्रास देतो. आमच्याकडे कसली समिती नाही.

लैंगिक छळ असेल आणि कामाला दहापेक्षा कमी माणसं असतील, किंवा तक्रार खुद्द मालकाविरुद्ध असेल, तर जिल्ह्याची स्थानिक समिती आहे. घरकाम करणाऱ्या बायकांनाही ती खुली आहे. लैंगिक छळाविरुद्धच्या कायद्याच्या कलम 15 प्रमाणे भरपाई ठरवताना मानसिक आघात, हुकलेली संधी आणि मानसोपचाराचा खर्च धरला जातो. छळ लैंगिक नसेल, नुसती दमदाटी असेल, तर त्यासाठी असा खास कायदा आज आपल्याकडे नाही.

17. बाईला डाकीण ठरवून गावाने वाळीत टाकलं. जातीवरून अपमान केला.

आधी तिला सुरक्षित जागी हलवा. जादूटोणाविरोधी कायदा 2013 मध्ये सहा महिने ते सात वर्षं कैद आणि 5,000 ते 50,000 दंड आहे. दंडाच्या रकमेतून पीडितेला भरपाई द्यायला न्यायालय सांगू शकतं. ती आदिवासी किंवा दलित असेल आणि अपमान करणारे त्या समाजांबाहेरचे असतील, तर ॲट्रॉसिटी कायदा लागतो. जाहीर अपमानासाठी नियमांत 1 लाखाची मदत आहे. ती टप्प्याटप्प्याने मिळते आणि पहिला टप्पा एफआयआर झाल्यावरच.

बलात्कार, बालकांवरचा अत्याचार आणि ॲसिड हल्ला यांसाठी राज्याची मनोधैर्य योजना आहे. अर्ज जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे. आरोपी सापडेपर्यंत थांबायची गरज नाही.

18. पोलिसांनी खोट्या केसमध्ये डांबून अपमान केला.

महमूद नय्यर आझम प्रकरणात (2012) कोठडीत एका डॉक्टरच्या हाती अपमानकारक पाटी देऊन फोटो काढला होता. सर्वोच्च न्यायालयाने त्या मानसिक छळासाठी 5 लाख दिले. इस्रोचे शास्त्रज्ञ नंबी नारायणन यांना 2018 मध्ये 50 लाख मिळाले. दोन्हीकडे मारहाणीपेक्षा माणसाची प्रतिष्ठा तोलली गेली. नुसतं निर्दोष सुटणं मात्र पुरत नाही, यंत्रणेने अधिकार वापरताना मर्यादा सोडली हे दिसलं पाहिजे.

19. अपघाताआधीपासून नैराश्याच्या गोळ्या चालू होत्या. लपवू का?

लपवू नका. समोरच्याला तुम्ही जसे मिळालात तसेच धरून जबाबदारी ठरते, नाजूक होतात ही सबब त्याला चालत नाही. वाढलेल्या त्रासाची भरपाई मागा: आधी महिन्याला एक गोळी, आता तीन, आधी दुकान चालवत होता, आता बंद. जुनी फाइल तुमच्याच बाजूने बोलेल. लपवलेली सापडली तर उलटी पडेल.

20. विमा कंपनी लोकअदालतीत तडजोड करू म्हणते. सही करू का?

उपचार स्थिर होईपर्यंत घाई करू नका. लोकअदालतीतल्या तडजोडीवर अपील नाही. हाड वर्षभरात जुळतं, मनाचं कधी कधी त्यानंतर वर येतं, आणि तोवर ‘संपूर्ण व अंतिम’ या शब्दांवर सही झालेली असते. मानसिक उपचारांचा मुद्दा त्या रकमेत धरला आहे का, ते सहीआधी विचारा.

21. दावा चालू असताना जखमी माणूस गेला तर?

कमाईचं आणि उपचाराचं नुकसान वारसांना पुढे चालवता येतं, हे सर्वोच्च न्यायालयाच्या 2021 च्या काहलोन निकालात आहे. त्याच्या स्वतःच्या यातनांची मागणी मात्र, मृत्यू त्या इजेमुळे नसेल तर, पूर्वी त्याच्याबरोबर संपायची; 1 एप्रिल 2022 पासून लागू झालेल्या कलम 166(5) प्रमाणे मोटार अपघातातल्या इजेच्या भरपाईचा हक्क, मृत्यूचं कारण काहीही असलं तरी, वारसांकडे जातो. अपघातानंतरच्या नैराश्यात कुणी जीव दिला असेल, तर अपघातापासून मृत्यूपर्यंतची उपचारांची साखळी अखंड दिसायला हवी (प्रश्न 4). घरात कुणाच्या मनात असे विचार येत असतील तर आज, आत्ता टेली-मानसच्या 14416 वर फोन लावा. तो मोफत आहे आणि मराठीत बोलता येतं.

22. कागद कोर्टात गेले की गावभर ‘वेडा’ म्हणतील. मुलीचं लग्न ठरायचं आहे.

ही भीती मी कधीच हलकी धरत नाही. मानसिक आरोग्य कायदा 2017 मध्ये रुग्णाची माहिती गुप्त ठेवण्याचा हक्क आहे, आणि स्वतःचे वैद्यकीय कागद मागण्याचाही. दाव्यात लागेल तेवढीच कागदपत्रं द्या, पूर्ण फाइल देऊ नका. घरगुती हिंसाचाराच्या प्रकरणात बंद दाराआड सुनावणी मागता येते. मानसिक आरोग्य कायद्याप्रमाणेच विमा कंपनीला मानसिक आजारालाही शारीरिक आजारासारखंच विमा संरक्षण द्यावं लागतं, त्यामुळे मेडिक्लेम असेल तर तोही मागा.

23. वकिलाला द्यायला पैसे नाहीत.

महिला, मुलं, अनुसूचित जाती-जमातीची माणसं आणि मानसिक आजार असलेली व्यक्ती यांना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. बाकीच्यांसाठी उत्पन्नाची मर्यादा आहे. धुळे, जळगाव, नंदुरबारच्या जिल्हा न्यायालयांत विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय आहे, फोन 15100. जिल्हा ग्राहक आयोगात तर वकील नसला तरी तुम्ही स्वतः बोलू शकता, आणि 5 लाखांपर्यंतच्या व्यवहाराला फी नाही. जाताना प्रश्न 4 मधली पिशवी बरोबर घ्या.